मुका सिनेमा आणि सरस्वतीबाईंचे दागिने



मागच्या बैठकीत हप्ते जमा झाल्यावर आम्ही मोबाईलवर तीन मिनिटांचा एक सिनेमा पाहिला. हंगेरी देशातला, १९८० सालचा. फेरेन्स रोफुस यांनी काढलेला 'माशी'. सगळा चित्रांचा. कुणी एक शब्द बोलत नाही, नुसती माशीची गुणगुण आणि पावलांचा आवाज. माशीला जे दिसतं तेच आपल्याला दिसतं. ती उडत एका घरात शिरते, कुणीतरी तिच्या मागं लागतं. एरवी बैठकीत तोंड न उघडणाऱ्या एक आजी मोठ्यानं म्हणाल्या, "अगं, खिडकी उघडा की कुणीतरी!"

असाच एक मुका सिनेमा आपल्या महाराष्ट्रात १९१२ साली झाला. दादासाहेब फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन आले, पण पैसे लावायला कुणी पुढं येईना. मग त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभराहून जास्त दिवस रोज त्याचं चित्र टिपलं. पडद्यावर बघता बघता कोंब फुटून रोप वर आलं. नाव ठेवलं 'अंकुराची वाढ'. ते पाहून सावकाराला भरवसा आला. आपण आठवड्याचे पैसे टाकतो तेव्हाही रोज काही दिसत नाही, पासबुक भरलं की दिसतं.

तरी पैसा पुरला नाही. 'राजा हरिश्चंद्र' सिनेमासाठी सरस्वतीबाई फाळक्यांनी अंगावरचे दागिने गहाण टाकले. शिवाय फिल्मच्या कडेला भोकं पाडणं, ती धुणं आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याकडंच. ३ मे १९१३ ला तो सिनेमा मुंबईत लागला.

हे ऐकून एकीनं विचारलं, "गहाणाची पावती कुणाच्या नावावर होती?"

आम्ही गप्पच झालो. कारण साताऱ्यात काय नि सांगलीत काय, आपल्यातल्या कितीजणींनी बोअरसाठी, दुकानासाठी बोरमाळ दिलीय. पावती मात्र मालकांच्या नावाची, आणि ती कुठं ठेवलीय तेही ठाऊक नाही.

म्हणून गटाच्या वहीत आता एक रकाना वाढवलाय: काय गहाण, कशासाठी, पावती कुणाच्या नावावर. पुढच्या बैठकीला पावती घेऊन या. वाचता न येणाऱ्यांसाठी रकान्यावर चित्र काढलंय. बोरमाळ जरा वाटाण्याच्या शेंगेसारखी झालीय, तेवढं सांभाळून घ्या.