अकरा आठवड्यांची बाळंतीण आणि गोल्फचे अजिंक्यपद
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



आजच्या भाषणाचा विषय वाचून पुष्कळजणींच्या मनात आले असेल की, गोल्फ आणि आपला काय संबंध? साहेबलोकांचा तो खेळ! परंतु मी खेळापेक्षा एका खेळणारीविषयीच अधिक बोलणार आहे. तिची हकीकत ऐकताना आपल्या ओळखीची एखादी तरी बाई तुम्हांला आठवेल, अशी माझी खात्री आहे.

खेळ समजायला सोपा आहे. टणक लहानसा चेंडू, तो टोलवायला निरनिराळ्या काठ्या, आणि विस्तीर्ण मैदानात दूरदूर केलेले अठरा खळगे. सगळ्या खळग्यांत चेंडू घालायला जिला सर्वांत कमी टोले लागतील, ती जिंकली. मोठ्या स्पर्धेत हे चार दिवस चालते.

स्कॉटलंड हे ह्या खेळाचे माहेर. तेथे एडिंबरोच्या पूर्वेस समुद्रकाठी नॉर्थ बेरिक नावाचे गाव आहे. ह्या गावात मुलांसाठी नऊ खळग्यांचे वेगळे मैदान आहे! १९६९ साली जन्मलेली कट्रीना लॅम्बर्ट ह्याच गावात वाढली. स्टर्लिंग विद्यापीठात शिकत असतानाही तिने खेळ सोडला नाही. १९९३ साली तिने हौशी स्त्रियांचे ब्रिटिश अजिंक्यपद मिळवले, आणि १९९४ च्या अखेरीस खेळ हाच आपला व्यवसाय ठरवला. लग्नानंतर ती कट्रीना मॅथ्यू झाली. तिचे पती ग्रेम हे तिचे 'कॅडी' झाले. कॅडी म्हणजे काठ्यांची जड पिशवी खांद्यावर घेऊन खेळाडूबरोबर चालणारा आणि वारा, अंतर पाहून सल्ला देणारा माणूस. बायको खेळते आणि नवरा ओझे उचलतो, हे चित्र आपण क्षणभर डोळ्यांपुढे आणावे!

आता २००९ सालाकडे येते. त्या वर्षी जानेवारीत ब्राझीलमधली स्पर्धा तिने जिंकली, तेव्हा तिला दिवस गेलेले होते. मे महिन्यात तिला दुसरी मुलगी झाली. जुलैत ती फ्रान्समध्ये खेळायला गेली असता त्यांच्या हॉटेलला आग लागली. दोघे बचावली, पण ग्रेम ह्यांचे पाय भाजले. पुढच्याच आठवड्यात इंग्लंडमध्ये रॉयल लिदमच्या मैदानावर ब्रिटिश ओपन ही स्त्रियांची मोठी स्पर्धा होती. भाजलेल्या पायांनी ते पिशवी घेऊन तिच्याबरोबर चालले. दुसऱ्या दिवशी तिने बाराव्या खळग्यात एकाच टोल्यात चेंडू घातला. अखेरीस एकूण २८५ टोल्यांत खेळ संपवून, ऑस्ट्रेलियाच्या नामांकित कॅरी वेबला तीन टोल्यांनी मागे टाकून ती जिंकली. बाळ तेव्हा अकरा आठवड्यांचे होते आणि तिची स्वतःची चाळिशी महिन्यावर आली होती. व्यावसायिक स्त्रियांच्या सर्वांत मोठ्या स्पर्धांपैकी एक जिंकणारी ती पहिलीच स्कॉटिश स्त्री!

भगिनींनो, प्रत्येक बाळंतिणीने अकरा आठवड्यांत कामाला लागावे, असे माझे मुळीच म्हणणे नाही. शरीराला विश्रांती हवीच. सव्वा महिन्याची आपली रीत काही उगीच पडलेली नाही. माझे म्हणणे एवढेच की, ती कधी परतणार हे तिला ठरवू द्यावे. 'आता पुरे झाले, मूल सांभाळ' असा निकाल इतरांनी देऊ नये. आणि ती परतलीच, तर पिशवी उचलायला घरचे कोणी तरी पुढे यावे.

कट्रीनाने हे पुढे स्वतः करून दाखवले. २०१९ साली स्कॉटलंडमध्येच ग्लेनईगल्स येथे युरोप आणि अमेरिका ह्यांच्यात सोलहाइम चषकाचा सामना झाला. युरोपची कर्णधार कट्रीना होती. तिने नॉर्वेच्या सुझान पेटरसनला संघात घेतले. सुझानला आदल्या वर्षी मुलगा झाला होता आणि त्यानंतर ती फारच थोडे खेळली होती. अनेकांनी ह्या निवडीवर टीका केली. पण अगदी शेवटच्या क्षणी, शेवटचा निर्णायक चेंडू खळग्यात घातला तो सुझाननेच! युरोप साडेचौदा विरुद्ध साडेतेरा गुणांनी जिंकले. २०२१ साली अमेरिकेत जाऊनही कट्रीनाच्या संघाने चषक राखला.

आणखी एकच सांगते. नॉर्थ बेरिकपासून काही मैलांवर म्युअरफील्डचे प्रसिद्ध मैदान आहे. तेथील मंडळी १७४४ पासूनची. पण सभासद फक्त पुरुष. स्त्रियांना सभासद करून घ्यावे की नाही ह्यावर २०१६ साली मतदान झाले, तेव्हा लागणारी दोनतृतीयांश मते पडली नाहीत. चहूकडून टीका झाली, आणि २०१७ साली पुन्हा मतदान होऊन तो दरवाजा उघडला. २०२२ साली स्त्रियांची ओपन स्पर्धा प्रथमच तेथे झाली. तिचा पहिला टोला मारण्याचा मान कोणाला मिळाला? आमच्या कट्रीनाला!

आपल्यापैकी कोणी गोल्फ खेळेल की नाही, मला ठाऊक नाही. पण शिवणाचा वर्ग, नोकरी, गाणे किंवा अर्धवट राहिलेली परीक्षा मुलाबाळांपायी बाजूला ठेवलेली सून, लेक किंवा शेजारीण प्रत्येकीच्या पाहण्यात आहे. ह्या वर्षी तिला विचारावे, "पुन्हा सुरू करतेस का? दुपारी दोन तास मूल माझ्याकडे राहील." मंडळाने एवढे केले तरी पुष्कळ झाले.