कायदा कोणाच्या बळावर?

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील भाषण)



कायदा झाला की अन्याय सरला, असा भाबडा समज पुरोगामी वर्तुळांतही आढळतो. ब्रिटनमधील वर्णभेदविरोधी कायद्यांचा इतिहास तो खोटा ठरवतो.

१९६३ साली ब्रिस्टल शहरातील बस कंपनी बिगरगोऱ्यांना बसवर कामाला घेत नसे. अधिक लाजिरवाणी गोष्ट अशी की, वाहतूक कामगारांच्या संघटनेच्या तेथील शाखेनेच १९५५ साली तसा ठराव केला होता. नागरिकांच्या चार महिन्यांच्या बहिष्कारापुढे ही बंदी उठली आणि रघबीर सिंग हे पहिले बिगरगोरे कंडक्टर झाले.

१९६५ चा पहिला कायदा मुख्यतः सार्वजनिक जागांपुरता होता. नोकरी आणि निवारा त्याच्या कक्षेत आले ते १९६८ मध्ये. तरीही पीडिताला स्वतः न्यायासनापुढे जाता येत नव्हते. तो अधिकार १९७६ च्या कायद्याने दिला. वरकरणी सर्वांना सारख्या, पण परिणामी विशिष्ट वंशाच्या लोकांना डावलणाऱ्या अटींनाही त्याने आळा घातला आणि तक्रारदारास साह्य करणारा आयोग निर्माण केला.

परंतु २०१३ साली सरकारने रोजगार न्यायाधिकरणात दाद मागण्यावर शुल्क बसवले. भेदभावाचा दावा सुनावणीपर्यंत नेण्यास एकूण १,२०० पौंड! भेदभावाची मनाई पूर्ववत कायम होती. दावे मात्र सुमारे दोनतृतीयांशांनी घटले. 'युनिसन' या कामगार संघटनेने सर्वोच्च न्यायालयापर्यंत झुंज दिली, तेव्हा २०१७ मध्ये हे शुल्क बेकायदा ठरले.

एका संघटनेने श्रमिकाच्या तोंडावर दार लावले, दुसरीने ते उघडले. कायद्याचे बळ संघटनेत असते. पण त्या संघटनेने आधी स्वतःच्या मनातील भेद धुऊन काढला पाहिजे.

महाराष्ट्रातील कार्यकर्त्याला हा धडा परका नाही. दलित-आदिवासींवरील अत्याचारांना प्रतिबंध करणारा कायदा १९८९ सालीच झाला. परंतु फिर्याद द्यायला निघालेल्या शेतमजुराबरोबर पोलीस ठाण्यापर्यंत कोण चालते? गावाने काम बंद केले, तर त्याची चूल कोण पेटती ठेवते? साक्षीदारावर दडपण आले, तर त्याच्या पाठीशी कोण उभे राहते? या प्रश्नांची उत्तरे केवळ कलमांत सापडणार नाहीत. ती कार्यकर्त्यांनाच द्यावी लागतील.