भ्रामरी आणि मधुविद्या : वाणी व काळ यांच्या माशा

जनस्थान हे नाशिक परिसराचे पौराणिक नाव असून, सतीच्या देहाचे अवयव जेथे पडले असे मानले जाते त्या ५१ शक्तिपीठांच्या यादीत जनस्थानी तिची हनुवटी पडली आणि तेथील देवी भ्रामरी, तर भैरव विकृताक्ष, असा उल्लेख येतो. जुन्या नाशकातील भद्रकालीचे मंदिर हेच ते पीठ, अशी श्रद्धा आहे. वणीच्या सप्तशृंगीच्या कीर्तीपुढे भ्रामरीचे नाव मागे पडले, ही गोष्ट खेदाची आहे. कारण भाषा आणि काळ यांच्याशी जोडलेल्या अद्भुत माशांची जी कल्पना भारतीय वाङ्मयात आढळते, तिचा एक धागा या देवीच्या कथेत आहे.

ही कथा देवीभागवताच्या दहाव्या स्कंधात सविस्तर येते. अरुण नावाच्या दैत्याने गायत्रीचा जप करून ब्रह्मदेवाकडून असा वर मिळवला की युद्धात, शस्त्राने, पुरुषाच्या वा स्त्रीच्या हातून, द्विपादाकडून किंवा चतुष्पादाकडून त्याला मृत्यू येऊ नये. जप चालू असेपर्यंत त्याच्यावर कोणाचीच मात्रा चालणार नव्हती, म्हणून देवांनी बृहस्पतीला त्याच्याकडे पाठवले. देवांची उपास्य देवता तीच दैत्याचीही, तेव्हा दोघे एकाच पक्षाचे ठरतात, हा बृहस्पतीचा युक्तिवाद अरुणाच्या गर्वाला झोंबला आणि त्याने जप सोडला. त्यानंतरच देवी प्रकटली, आणि तिने सोडलेल्या, ‘ह्रीं’ या बीजमंत्राचा गुंजारव करणाऱ्या सहा पायांच्या असंख्य भ्रमरांनी दैत्यांचा नाश केला. षट्पदांमुळे वरातील पळवाट सापडली, याचेच कौतुक बहुधा होते; परंतु कथेचा खरा आधार जपाच्या खंडात आहे. अरुणाला मंत्र विस्मरला नव्हता, त्याने फक्त तो म्हणणे थांबवले होते, आणि तेवढ्याने त्याचे तेज गेले. हाच प्रसंग देवीमाहात्म्याच्या अकराव्या अध्यायात देवीच्या तोंडून भविष्यातील वचन म्हणून येतो, तर देवीभागवतात घडून गेलेली हकीकत म्हणून. एकाच भ्रमरांना एका ग्रंथाने पुढच्या काळात ठेवले आणि दुसऱ्याने मागच्या.

याहून कितीतरी प्राचीन आणि अधिक धाडसी कल्पना छांदोग्य उपनिषदाच्या तिसऱ्या अध्यायातील मधुविद्येत, म्हणजे सूर्याला देवांचा मध मानून करावयाच्या उपासनेत, मांडलेली आहे. तेथे द्युलोक हे पोळे टांगलेले आडवे लाकूड, अंतरिक्ष हे पोळे आणि किरण ही त्यातील पिल्ले आहेत. पूर्वेच्या बाजूस ऋग्वेद हे फूल आणि ऋचा या मध करणाऱ्या माशा. दक्षिणेस यजुर्मंत्र, पश्चिमेस साममंत्र आणि उत्तरेस अथर्वांगिरस मंत्र या माशा होतात, मात्र उत्तरेचे फूल इतिहासपुराण हे आहे. ऊर्ध्व दिशेला गुह्य उपदेश या माशा व ब्रह्म हे फूल. माशा फुलाला तापवतात आणि त्यातून यश, तेज, वीर्य, अन्न या रूपांनी रस स्रवून सूर्याकडे जातो. सूर्याचा तांबडा, पांढरा, काळा आणि गडद काळा रंग हे त्याच रसाचे रंग होत. मंत्राला मध न म्हणता माशी म्हणणे, हा या रूपकातील विलक्षण निर्णय आहे. वाणीला येथे संचिताचे नव्हे, तर कष्टकऱ्याचे स्थान मिळाले आहे.

पुढे काळ येतो. सूर्य पूर्वेस उगवून पश्चिमेस मावळेल तोवर वसूंचे राज्य, त्याच्या दुप्पट काळ तो दक्षिणेस उगवून उत्तरेस मावळेल तोवर रुद्रांचे, आणि असेच दुपटीने वाढत आदित्य, मरुत व साध्य यांचे राज्य सांगितल्यावर शेवटी असा सूर्य वर्णिला आहे की जो उगवतही नाही आणि मावळतही नाही.

माशी, सूर्य, वाणी आणि काळ यांची सांगड विसाव्या शतकातील विज्ञानातही दिसते, म्हणून प्राचीनांना ते विज्ञान ठाऊक होते असा दावा करण्याचा मोह होतो. तो टाळणेच उपनिषदाच्या सन्मानाचे आहे, कारण तेथे निरीक्षणाचा नव्हे, उपासनेचा विषय चालला आहे. १९७३ साली नोबेल पारितोषिक मिळालेल्या कार्ल फॉन फ्रिश यांनी दाखवले की मधमाशी पोळ्याच्या उभ्या पृष्ठावर नाचून अन्नाची दिशा सांगते : नाचाची सरळ रेषा उभ्या दिशेशी जो कोन करते, तोच कोन सूर्य आणि अन्न यांच्या दिशांमध्ये असतो, आणि अंतर नाचाच्या कालावधीतून कळते. सूर्य सरकतो तसा माशी कोन बदलते, म्हणजे तिच्या अंगी घड्याळ आहे. १९५५ साली माक्स रेनर यांनी पॅरिसमध्ये ठरावीक वेळी खाण्याची सवय लावलेल्या माशा विमानाने न्यूयॉर्कला नेल्या, तेव्हा त्या पॅरिसच्याच वेळेवर खाण्यासाठी आल्या. कड्यांवर व उंच झाडांवर एकच उघडे पोळे बांधणारी आपल्याकडील आग्या माशीही, मार्टिन लिंडाउअर यांच्या श्रीलंकेतील अभ्यासानुसार, असाच नाच करते, परंतु आकाश दिसेल अशा जागी. काही माशा तर सूर्यास्तानंतरही नाचताना आढळल्या आहेत, आणि त्या वेळी त्यांनी धरलेला कोन क्षितिजाखाली गेलेल्या, दृष्टीआड फिरत राहिलेल्या सूर्याशी जुळतो.