राधा कोण होणार?

शिमगा जवळ आला की आमच्या बचत गटात हप्त्यांच्या आधी एकच चौकशी होते, मुंबईहून कुणाकुणाला रजा मिळाली? मृदंगवाला विरारला, संकासुर डोंबिवलीला. सगळे गावी आले तरच नमन उभं राहतं.

नमन आपल्याला नवीन नाही. गण, गवळण, मग वग. काळ्या वेषातला, उंच टोपीचा संकासुर कमरेचे घुंगरू वाजवत आला की पोरं आईला बिलगतात. पण खरी मजा मावशीची. पदर सावरत ती कृष्णाला, पेंद्याला अडवते आणि बोलता बोलता गावातल्या पाण्याच्या टाकीपासून रस्त्यापर्यंत सगळं काढते. कागदावर काही लिहिलेलं नसतं. सरपंच पुढ्यात बसलेले असले तरी हसण्यावारी जातं!

असं गावचं नाटक मोठ्या रंगभूमीवर नेलं ते गंगाराम गवाणकरांनी. ते आपल्या राजापूर तालुक्यातल्या माडबनचे. गावकरी द्रौपदीवस्त्रहरणाचं नाटक करायला जातात आणि काय गोंधळ उडतो, एवढीच 'वस्त्रहरण'ची गोष्ट. १९८० साली ते आलं. पु. ल. देशपांड्यांनी कौतुकाचं पत्र लिहिलं आणि नाटकाचं नशीब पालटलं. हजारो प्रयोग झाले, मंडळी लंडनलाही जाऊन आली. तात्या सरपंच रंगवणारे मच्छिंद्र कांबळी २००७ साली गेले, तरी ते नाटक पुन्हा पुन्हा उभं राहिलं.

लंडनच्या 'मॉन्टी पायथन' या विनोदी मंडळीचंही तसंच. सहांतला एक १९८९ साली वारला. उरलेले पाच म्हातारे २०१४ साली एकत्र आले, दहा प्रयोग केले. त्यांच्यातही बायकांची बरीचशी सोंगं पुरुषच घ्यायचे, बरं का!

आमची राधा आजवर पुरुषच झाला. यंदा त्याला रजा नाही. आमच्यातली एक म्हणाली, मी होते. घरी दोन दिवस अबोला. सासूबाई म्हणाल्या, लोक काय म्हणतील? जिल्ह्यात बायकांची नमनं होतात, हे त्यांना ठाऊक आहे, पण आपल्या घरातली सून म्हटल्यावर गोष्ट वेगळी.

आम्हाला वाटतं, तिनं व्हावं. फक्त गवळणीत सिनेमाची गाणी नकोत, त्यानं नमनाची चव जाते. सासूबाईंना जुन्या गवळणी पाठ आहेत. त्या शिकवायला बसल्या, तर तालीम त्यांच्याच पडवीत. त्यांनी अजून हो म्हटलेलं नाही. काल मात्र मृदंग कुणाकडे आहे ते विचारलं.