कटाचा फेस आणि शेजारची वाटी



ॲना पाव्हलोव्हा ही रशियाची विख्यात बॅले नर्तकी. १९२६ मध्ये ती ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडच्या दौऱ्यावर गेली आणि पुढे तिच्या नावाचं एक पक्वान्न तिकडे रूढ झालं. ते आधी कोणाचं, यावरून हे दोन देश अजून वाद घालतात. अंड्यातलं पांढरं साखर घालून फेटायचं, मंद आचेवर वाळवायचं. हे झालं मेरिंग. त्यावर घुसळलेली मलई आणि फळं.

फळांची आपल्याला वाण नाही. तापीकाठची केळी आणि पपई आहेतच. मेरिंगला दमट हवा सोसत नाही, ते लगेच चिकट होतं. आपली खानदेशी कोरडी हवा त्याला मानवते.

अडचण अंड्याची. आमच्या गल्लीत ईदला शीरखुर्मा घरोघरी जातो, दिवाळीला फराळाची ताटं आमच्याकडे येतात. त्यातल्या कितीतरी घरांत अंडं चालत नाही. मग जो गोड पदार्थ शेजारी पाठवता येत नाही, त्याची गोडी अर्धीच की!

याचं उत्तर फ्रान्समधून आलं. २०१४ मध्ये जोएल रोसेल यांनी कडधान्य शिजवलेल्या पाण्याचा फेस करून दाखवला. २०१५ मध्ये अमेरिकेतल्या गूस वोल्ट यांनी नुसतं छोल्यांचं पाणी आणि साखर यांचं मेरिंग केलं. पुरणाचा कट कधी फेकून न देणाऱ्या आपल्या बायकांना याचं नवल वाटायला नको.

वाटीभर काबुली चणे रात्री भिजवा. सकाळी ताज्या पाण्यात, मीठ न घालता शिजवा आणि त्याच पाण्यात गार होऊ द्या. पाणी गाळून आटवा. थंड झाल्यावर ते अंड्यातल्या पांढऱ्याइतकं दाट हवं. त्यातलं अर्धी वाटी पाणी आणि अर्धा चमचा लिंबाचा रस बीटरने आठ-दहा मिनिटं फेटा. दीडशे ग्रॅम पिठीसाखर चमच्या-चमच्याने घाला. फेस घट्ट उभा राहिला, की कागदावर छोट्या वाट्यांसारखा लावा. ओव्हनमध्ये १०० अंशांवर दीड ते दोन तास ठेवा. दार न उघडता आतच निवू द्या.

भांडं आणि बीटर कोरडे, तुपाचा अंशही नसलेले हवेत. तुपाने फेस बसतो. अंड्याची भांडी तर वेगळीच ठेवावीत. शेजारी "यात अंडं नाही ना?" असं विचारतात, आणि आपल्या "नाही" या एका शब्दावर खातात. तो शब्द खरा हवा.

मलई बर्फावर भांडं ठेवून घुसळा. पपई अगदी शेवटी घाला; ती मलईत फार वेळ राहिली, की कडवटपणा येतो. केळ्याला लिंबू चोळा, म्हणजे काळं पडत नाही.

१९२८ मध्ये पाव्हलोव्हा मुंबईत आली, तेव्हा रुक्मिणीदेवी अरुंडेल यांची तिच्याशी भेट झाली. पुढे तिनेच त्यांना आपल्या देशातल्या नृत्याकडे वळायला सुचवलं. तिच्या नावाच्या पक्वान्नात आपली पपई आणि आपला कट आला, तर तिला ते वावगं वाटलं नसतं.

शेजारी पाठवताना मात्र मेरिंग, मलई आणि फळं वेगवेगळ्या डब्यांत द्या. खायच्या वेळी त्यांनाच एकत्र करू दे.