मनावरची धूळ

(संस्थेच्या वार्षिक पारितोषिक समारंभात पालक व विद्यार्थी यांच्यासमोर दिलेले व्याख्यान)



अशा समारंभात पाहुण्याने शिक्षणाचे महत्त्व सांगावे, असा रिवाज आहे. परंतु ते महत्त्व तुम्हाला पटलेले नसते, तर पोटाला चिमटा काढून तुम्ही मुलांना येथे पाठविलेच नसते. म्हणून मी आज अशा एका विषयाबद्दल बोलणार आहे, ज्याचा पेपर कोणत्याही बोर्डात नसतो, पण ज्यात नापास झालो तर बाकीच्या गुणांचा फारसा उपयोग होत नाही. तो विषय म्हणजे स्वतःचे मन.

कोणी म्हणेल, माझे मन मला कळणार नाही तर कोणाला कळणार? वरवर पाहता हे खरे वाटते. परंतु १९७७ साली निस्बेट आणि विल्सन या दोन अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. एका दुकानात टेबलावर पायमोज्यांचे चार जोड ओळीने मांडले आणि येणाऱ्या-जाणाऱ्यांना विचारले, यांतला उत्तम कोणता? चारही जोड अगदी एकसारखे होते. तरी शंभरात चाळीस जणांनी उजव्या टोकाचा जोड निवडला आणि डाव्या टोकाचा फक्त बारा जणांनी. का निवडला, असे विचारल्यावर लोकांनी कारणे दिली. पण जोड कोणत्या जागी ठेवला होता, हे कारण एकानेही दिले नाही. जागेचा परिणाम झाला असेल का, असे सुचविल्यावर जवळजवळ सर्वांनी ते साफ नाकारले. ही माणसे खोटे बोलत नव्हती. आधी निवड झाली होती, आणि मन मागाहून तिला शोभेल असे कारण शोधत होते.

मोज्यांपुरते हे ठीक आहे. पण हाच प्रकार घरात घडतो तेव्हा त्याची किंमत मुलांना मोजावी लागते. मुलगी दहावीला चांगल्या गुणांनी पास होते. पुढच्या शिक्षणासाठी तालुक्याला जावे लागणार असते. वडील म्हणतात, "एसटीचा त्रास फार, अंतर फार." ते मनापासून बोलत असतात. पण तेच अंतर मुलासाठी त्यांना जास्त वाटले असते काय? उत्तर 'नाही' असेल, तर अडचण अंतराची नाही. ती कदाचित 'लोक काय म्हणतील' या धास्तीची असेल. धास्ती वाटणे हा गुन्हा नव्हे. परंतु धास्तीला अंतर हे नाव दिले, की तिच्यावर उपाय निघत नाही. सोबत जाणाऱ्या आणखी चार मुली शोधणे, तिथल्या शिक्षिकांना जाऊन भेटणे, हे उपाय धास्ती कबूल केल्यावरच सुचतात.

विद्यार्थ्यांचेही तसेच. "मला गणित आवडत नाही," असे एखादा मुलगा सांगतो. खोलात गेले तर कळते, की सहावीत आजारपणामुळे अपूर्णांकांचा धडा बुडाला होता, आणि तेव्हापासून फळ्यासमोर उभे राहण्याची भीती बसली आहे. नावड आणि भीती यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. नावडीला इलाज नसेल, भीतीला आहे.

आपल्या धर्मपरंपरेने ही गोष्ट फार पूर्वी ओळखली होती. कृतीचे मोल नीयत पाहून ठरते, हे आपण लहानपणापासून ऐकतो. मग स्वतःची नीयत पारखता येणे किती गरजेचे आहे! कुरआनात नफ्सच्या वेगवेगळ्या अवस्थांचा उल्लेख येतो. वाईटाकडे ओढणारी अम्मारा, स्वतःला जाब विचारणारी लव्वामा आणि शांत झालेली मुतमइन्ना. स्वतःला जाब विचारणाऱ्या या नफ्सची कुरआनात शपथ घेतली आहे, यावरून तिचे महत्त्व कळावे. नवव्या शतकात बगदादमध्ये हारिस अल-मुहासिबी नावाचे सूफी होऊन गेले. मुहासबा म्हणजे हिशेब. स्वतःच्या मनाचा हिशेब घेण्याच्या सवयीवरूनच त्यांना ते नाव मिळाले. पुढे इमाम गझालींनी नफ्सला व्यापारातल्या भागीदाराची उपमा दिली. सकाळी त्याच्याशी अटी ठरवाव्यात, दिवसभर लक्ष ठेवावे आणि रात्री चोपडी उघडून बसावे. आपल्यात दुकानदार, बागवान, कारागीर पुष्कळ आहेत. भागीदार कितीही प्रामाणिक असला तरी तोंडी हिशेबावर कोणी विसंबत नाही, हे त्यांना सांगायला नको.

आणि यासाठी फक्त बगदादकडे पाहण्याचे कारण नाही. आपल्या जिल्ह्यातील श्रीगोंद्याचे शेख महंमद यांनी सतराव्या शतकात 'योगसंग्राम' हा ग्रंथ मराठीत लिहिला. त्यातला संग्राम किल्ल्यांचा वा फौजांचा नाही. तो माणसाच्या आत चाललेल्या लढाईचा आहे. मुसलमान घरात जन्मलेल्या या संताला उभ्या महाराष्ट्राने आपले मानले.

दुसरे उदाहरण अगदी अलीकडचे, आपल्या जिल्ह्याच्या शहरातले. अहमदनगर, म्हणजे आजचे अहिल्यानगर, येथील भुईकोट किल्ल्यात १९४२ च्या ऑगस्टमध्ये बारा नेत्यांना आणून ठेवले. ९ ऑगस्टच्या पहाटे त्यांना मुंबईत अटक झाली होती. त्यांत पंडित नेहरू होते, सरदार पटेल होते आणि काँग्रेसचे तेव्हाचे अध्यक्ष मौलाना अबुल कलाम आझाद होते. नेहरूंनी या किल्ल्यात १९४४ साली 'डिस्कव्हरी ऑफ इंडिया' लिहिले, हे शाळेत शिकवतात. मौलानांनी येथे काय लिहिले, हे आपल्या मुलांनाही फारसे ठाऊक नसते. त्यांनी आपले स्नेही हबीबुर्रहमान खान शेरवानी यांना उर्दूत पत्रे लिहिली. ती पाठविता येत नव्हती. लिहून ठेवायची, एवढेच हाती होते. पुढे १९४६ साली त्यांचे पुस्तक झाले. नाव 'गुबारे खातिर', म्हणजे मनावरची धूळ.

त्यांतले एक पत्र एप्रिल १९४३ चे आहे. मौलानांच्या पत्नी झुलेखा बेगम कलकत्त्यात आजारी होत्या. ३ ऑगस्ट १९४२ रोजी मौलाना मुंबईला निघाले, तेव्हा नेहमीप्रमाणे दारापर्यंत येऊन त्यांनी खुदा हाफिज म्हटले होते. मार्च १९४३ मध्ये प्रकृती गंभीर असल्याची खबर किल्ल्यात आली. सरकारला काही कळवायचे असेल तर मी लगेच मुंबईस कळवितो, असे तुरुंगाच्या अधीक्षकाने सुचविले. मौलानांनी कोणतीही विनंती करण्यास नकार दिला. नेहरू त्यांच्याशी बोलले, तरी उत्तर तेच राहिले. दिनक्रमही त्यांनी मोडला नाही. ९ एप्रिलला झुलेखा बेगम गेल्या. छत्तीस वर्षांचा संसार संपला आणि अखेरची भेटही झाली नाही.

हा धीर थोर होताच. पण त्याहून थोर गोष्ट त्यांनी त्या पत्रात केली आहे. वर्तमानपत्र घेऊन येणाऱ्या अधीक्षकाची पावले वाजली की आपले काळीज धडधडू लागे, आणि तरीही आपण काही घडलेच नाही अशा थाटात बसून राहत असू, असे ते लिहितात. आणि मग स्वच्छ सांगतात, की ही वरवरची शांतता म्हणजे एक दिखावा होता. आपल्या धीरावर डाग पडू नये म्हणून मनातला अभिमान हे नाटक वठवीत होता. मन आवरले, पण त्या आवरण्याने शरीर आतून झिजत गेले, हेही ते सांगतात.

लक्षात घ्या, मौलानांनी आपला निर्णय चुकीचा ठरविला नाही. तत्त्व खरे होते आणि त्यात अभिमान मिसळलेला होता, या दोन्ही गोष्टी त्यांनी एकत्र पाहिल्या. स्वतःला ओळखणे म्हणजे स्वतःला फटके मारणे नव्हे. तराजूची दोन्ही पारडी पाहणे, एवढाच त्याचा अर्थ.

त्यांना हे कळले कसे? 'मी कसा आहे' असे स्वतःला विचारून नव्हे. आपल्याकडे नेहमी तयार उत्तर असते: मी धीराचा माणूस आहे. पण धडधडणाऱ्या काळजाने वेगळी साक्ष दिली आणि मौलानांनी ती साक्ष कागदावर उतरविली. यातून आपण तीन गोष्टी घेऊ शकतो.

पहिली, मनाला कारण विचारण्याआधी घडले काय ते पाहावे. अर्ज भरताना हात कुठे थबकला? कोणाचे नाव निघताच आवाज चढला? पुस्तक कोणत्या पानावर मिटले?

दुसरी, लिहावे. १९८६ साली जेम्स पेनबेकर या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने एक अभ्यास प्रसिद्ध केला. कॉलेजच्या काही विद्यार्थ्यांनी सलग चार दिवस, रोज पंधरा मिनिटे, मनाला लागलेल्या कठीण प्रसंगाविषयी लिहिले. घडलेली गोष्ट आणि वाटलेली भावना अशी दोन्ही ज्यांनी लिहिली, त्यांना लिहिताना त्रास झाला. पण पुढच्या महिन्यांत त्यांना दवाखान्याची पायरी कमी चढावी लागली. यासाठी शंभर पानी वही आणि पेन्सिल पुरे. मात्र पालकहो, मुलाची ती वही उघडून वाचू नका. वाचणारा आहे असे कळले, की लिहिणारा पुन्हा नाटक करू लागतो.

तिसरी, आरसा ठेवावा. एक मोमिन दुसऱ्याचा आरसा असतो, असे आपण मानतो. आपल्या रागाची चाहूल आपल्याआधी घरच्यांना लागते. आठवड्यातून एकदा मुलांच्या अम्मीला, बहिणीला, जिवलग मित्राला विचारावे, आणि उत्तर देणाऱ्याला मधे तोडू नये.

एक इशाराही देतो. मुहासबा वेगळा आणि वसवसा वेगळा. दुकानदार दिवसातून एकदा हिशेब लिहितो; दिवसभर तेवढेच करीत बसला तर दुकान बुडेल. ज्या मुलाचे मन सतत स्वतःलाच टोचत राहते, झोप-भूक उडते, त्याला उपदेश नको. त्याला डॉक्टरांकडे न्यावे.

आज बक्षिसे घेणाऱ्या मुला-मुलींचे मी अभिनंदन करतो. ज्यांना बक्षीस नाही, त्यांना सांगतो, की गुणपत्रिकेत तुमचे मन मोजलेले नसते. आणि पालकांना एक विनंती. या वर्षी मुलीच्या किंवा मुलाच्या पुढच्या शिक्षणाचा निर्णय घ्याल, तेव्हा 'हो' किंवा 'नाही' म्हणण्यापूर्वी आपले कारण एका कागदावर लिहून काढा. त्याखाली स्वतःला विचारा, हेच कारण दुसऱ्या अपत्याला लागू केले असते का? उत्तर लिहा आणि मगच सही करा.