तंबोऱ्याची जवारी



सांगलीच्या श्रोत्यांपुढे नाट्यसंगीतावर बोलणे म्हणजे काशीत गंगाजल विकायला बसणे होय. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' येथेच केले. देवलांचे हरिपूर तर हाकेच्या अंतरावर. तेव्हा त्या वैभवाची उजळणी आम्ही करीत नाही. आमचा प्रश्न एवढाच, की परंपरा टिकते ती नुसती जपल्याने, की तीत भर घातल्याने?

दूरच्या बाली बेटाचा दाखला घ्या. तेथे गावोगाव काशाच्या वाद्यांचा ताफा असतो; त्याला गमेलन म्हणतात. विसाव्या शतकाच्या आरंभी तेथे एक नवी, चपळ वादनशैली निघाली. तिच्यासाठी कित्येक ठिकाणी जुनी वाद्ये वितळवून त्याच काशाची नवी घडविली गेली. त्यात काही जुने कायमचे गेले, हे खरे. पण गमेलन आजही वाजते आहे.

आपल्याकडे असे काम जितेंद्र अभिषेकींनी केले. जन्म १९२९ सालचा, गोव्यातल्या मंगेशीचा. वडील कीर्तनकार, पुढे तालीम जगन्नाथबुवा पुरोहितांची. बोलपटांनी नाटकमंडळ्या मोडल्या होत्या. अशा काळात, १९६४ साली, 'मत्स्यगंधा' आले. नाटककार वसंत कानेटकर सातारा जिल्ह्यातल्या रहिमतपूरचे आणि आपल्या विलिंग्डन महाविद्यालयात शिकलेले. अभिषेकींनी रागाचा पाया राखला, पण तानांचा पसारा आवरला. पद प्रसंगातून उगवावे आणि रस उतरण्यापूर्वी थांबावे, अशा चाली बांधल्या. १९६७ साली 'कट्यार काळजात घुसली' आले, आणि वसंतराव देशपांड्यांच्या गळ्यातून दोन घराण्यांचे भांडणच रंगमंचावर उभे राहिले.

गंमत अशी, की तेव्हाची ही नवी पदे आज आपणच 'जुनी' म्हणून मागतो. अभिषेकी १९९८ साली गेले. त्यांच्यानंतरच्यांना आपण काय देतो? एका मैफलीत एक तरुण स्वतः बांधलेले पद गाऊ लागला, तेव्हा 'जुने होऊ द्या' अशी चिठ्ठी पुढे पाठविणाऱ्यांत आम्हीही होतो. त्याने निमूटपणे जुने पद धरले. टाळ्या पडल्या. त्याचे ते नवे पद मात्र आम्ही पुन्हा कधी ऐकले नाही. आज हे सांगताना संकोच वाटतो.

शेजारच्या मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळाले. आनंदच आहे, पण मानांकनाने तंबोरा बोलत नाही. तारेखाली घोडी झिजते, जवारी बिघडते. मग कारागीर घोडी घासून पुन्हा जवारी काढतो, तेव्हा तोच तंबोरा पूर्वीसारखा गुंजू लागतो. संगीत नाटकाचेही तसेच आहे. दर पिढीला त्याची जवारी नव्याने काढावी लागते, आणि ती लागली की नाही, हे ऐकणारे कान तुमचेआमचे असतात.

म्हणून विनंती एवढीच, की गावात नवे संगीत नाटक लागले, तर पहिल्या प्रयोगाचे तिकीट काढा. आवडले नाही तर तसे स्पष्ट सांगा. पण आधी ऐका. आम्ही चिठ्ठी पाठविली, ती चूक तुम्ही करू नका.